सुनेत्रा पेंडसेची निळी रेषा

सुनेत्रा पेंडसे कुणाच्याही घरी गेली की आधी जमीन बघते. माणसं सोफा बघतात, किचनचा ओटा बघतात, निदान यजमानांकडे बघून हसतात तरी. ही बाई आमच्या वास्तुशांतीला आली, पूजेला नमस्कार केला आणि थेट मागच्या अंगणात गेली. तिथे आमच्या लेकीचा, स्वरदाचा, टेनिसचा चेंडू पडला होता. तो तिने दारापाशी नेऊन सोडला आणि घरंगळत कुठे जातो ते बघत राहिली. चेंडू ईशान्येच्या कुंपणाला जाऊन टेकला.

"नरेंद्र, हा उतार तुला माहिती होता?"

"अगं, म्हणून तर हा प्लॉट घेतला!" मी म्हणालो. मला वाटलं ती कौतुक करते आहे.

यातलं माझं शहाणपण कळायला आमची वसाहत माहीत असावी लागते. मेलबर्नचं टार्निट हे उपनगर मागे टाकून आणखी वीस मिनिटं गाडी हाकली की बॅरलॉक लागतं. दहा वर्षांपूर्वी तिथे मेंढ्या चरायच्या, आता आम्ही पुण्या-मुंबईचे आयटीवाले राहतो. वसाहतीच्या ईशान्येला एक ओढा आहे, एरवी घोटाभर पाण्याचा. सगळी जमीन हळूहळू त्याच्याकडे उतरत जाते. ईशान्येला उतार आणि ईशान्येलाच पाणी! वास्तुशास्त्रात याहून भाग्याची जागा नाही. इथले गोरे लोक मुकाट्याने चढावरचे प्लॉट घेत होते आणि आम्ही ओढ्याकाठच्या ओळीसाठी रांगा लावल्या. दक्षिण गोलार्धात दिशा उलट्या धरायच्या की काय, यावर आमच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर चार दिवस हाणामारी झाली, पण ओढा शुभ यावर सगळ्यांचं एकमत होतं. बिल्डरच्या एजंटाने महिन्याभरात ‘ईशान्य’ हा शब्द तोंडपाठ केला आणि त्या ओळीचे भाव चढवले.

सुनेत्रा बॅरलॉक कौन्सिलमध्ये ड्रेनेज इंजिनिअर होती. शिक्षण पुण्यात, मग इथे मास्टर्स, मग पीआर, म्हणजे कायम राहायचा परवाना, मिळेपर्यंत सुपरमार्केटच्या शिफ्टा. एकटी राहायची. गाडीच्या डिकीत कायम गमबूट आणि मोजपट्टी. फटकळ इतकी की समोरच्याला वाटावं, हिचं आपण काय घोडं मारलंय. पण तिच्या हातचे दहीवडे असे असायचे, की तिचं बोलणं आम्ही दर पॉटलकला सोसून घ्यायचो.

आमच्या कौन्सिलचं जपानमधल्या तोमिनोसे नावाच्या छोट्या शहराशी भगिनी-शहराचं नातं होतं. म्हणजे दोन-तीन वर्षांनी इथला महापौर तिकडे जायचा, चेरीचं रोप लावायचा आणि फोटो काढून परत यायचा. दोन वर्षांपूर्वीच्या जूनमध्ये त्यांनी सुनेत्रालाही नेलं. मग ती परत आली. आठवड्याभराने एका शनिवारी ती आमच्याकडे चहाला बसली होती, तेव्हा मयूराने, म्हणजे माझ्या बायकोने, तिला सहज विचारलं, "काय गं, जपान कसं होतं?"

"तिथल्या नगरपालिकेची एक मीटिंग बघितली," सुनेत्रा म्हणाली. "अजून डोक्यातून जात नाहीये."

मग तिने सांगितलं. तोमिनोसे हे आधी शहर नव्हतंच. नदीकाठची तीन खेडी १९५५ साली एकत्र केली, त्यांची मिळून नगरपालिका झाली. अठरा सदस्य निवडून आले. पुढच्याच वर्षी त्यांच्यापुढे प्रश्न आला, की नदीलगतची खोलगट भातशेती घरांसाठी खुली करायची का. म्हातारे शेतकरी नको म्हणत होते, तिथे पाणी भरतं हे त्यांना पिढ्यान् पिढ्या माहीत होतं. पण स्टेशन तिथून जवळ होतं. तरुण जोडप्यांनी सह्यांचे कागद आणून टेबलावर ठेवले. सतरा हात वर गेले, एक खाली राहिला. घरं झाली, शाळा झाली, सव्वीस वर्षं सगळं छान चाललं. १९८२ च्या जुलैत नदी आली आणि त्रेसष्ट माणसं घेऊन गेली.

"मग आता दरवर्षी श्रद्धांजली वगैरे वाहतात का?" मी विचारलं.

"नाही ना. तेच तर. जूनची मीटिंग सुरू व्हायच्या आधी क्लार्क उभा राहतो आणि ती सतरा नावं वाचतो. ज्यांनी हात वर केला त्यांची. मेलेल्यांची नाही. आत्ताच्या सोळा मेंबरांत तिघं त्यांचीच नातवंडं आहेत. ती मान खाली घालून ऐकतात. मी त्या क्लार्कला, हायाशिदांना, विचारलं, असं का? ते म्हणाले, मेलेल्यांची काही चूक नव्हती. चूक ज्यांची असते त्यांची नावं लोक विसरतात, म्हणून आम्ही ती वाचतो."

मयूरा म्हणाली, "बाई गं, किती क्रूर!" मला तर रागच आला. इतक्या जुन्या गोष्टी उकरून पोरांना लाज कशाला आणायची? मी तसं बोललोही. सुनेत्राने बॅगेतून एक नकाशा काढला आणि चहाचे कप सरकवून टेबलावर पसरला. आमच्याच वसाहतीचा होता. त्यावर एक निळी रेषा होती.

पुण्याच्या माणसाला निळी पूररेषा समजावून सांगावी लागत नाही. नदीकाठी फ्लॅट घेताना आम्ही पहिलं तेच विचारतो. इथे रेषेच्या आत अख्खी ईशान्येची ओळ होती, आमच्या घरासकट.

"बिल्डरने दिलेला फ्लड स्टडी जुना आहे. वर टार्निटकडे एवढे रस्ते आणि छपरं झाली, ते पाणी त्याने धरलंच नाही. मी नव्याने मॉडेल रन केलं. ही आतली तुटक रेषा दहा वर्षांतून एकदा येणाऱ्या पुराची. ती ओढ्याकडून तुझ्या कुंपणाच्या तिसऱ्या खांबाला लागते. आणि ही पूर्ण रेषा शंभर वर्षांची. तेव्हा तुझ्या हॉलमध्ये सव्वा मीटर पाणी असेल."

"शंभर वर्षं! तोवर नो वरीज."

"नरेंद्र, ते शंभर वर्षांनी येतं असं नाही रे. उद्या दुपारी पण येऊ शकतं. कौन्सिलने ही रेषा मंजूर केली, तर वरच्या बाजूला पाणी अडवायचं तळं बांधणं त्यांना भाग पडेल. नाही केली, तर काहीच होणार नाही. आणि लोक झोपेत बुडतील."

रेषा मंजूर झाली असती तर आमच्या घरांच्या कागदावर ‘पूरक्षेत्र’ असा शिक्का बसला असता. विमा महागला असता, घराची किंमत उतरली असती. एवढंच मला त्या वेळी दिसलं. ती गेल्यावर मी मयूराला म्हणालो, "हिला स्वतःचं घर नाही, भाड्याने राहते, हिला काय कळणार!" आणि त्याच संध्याकाळी ग्रुपवर रेषेविरुद्धच्या अर्जाचा मसुदा टाकला. आठवड्याभरात दोनशे बारा घरांच्या सह्या जमल्या. पहिली माझी.

कौन्सिलची सुनावणी एका बुधवारी दुपारी होती. मला बोलायला तीन मिनिटं दिली होती. मी चांगला बोलतो, ऑफिसात प्रेझेंटेशनं देऊन सवय आहे. स्थलांतरितांनी घाम गाळून उभी केलेली घरं, एका कॉम्प्युटर मॉडेलच्या भरवशावर आमचं आयुष्य पणाला लावू नका, वगैरे सगळं बोललो. वर हेही म्हणालो, की संबंधित इंजिनिअर नुकत्याच जपानहून आल्या आहेत आणि तिथल्या एका दुर्घटनेने फार हळव्या झाल्या आहेत. लोक हसले. सुनेत्रा भिंतीपाशी बसली होती. ती माझ्याकडे रागाने बघेल अशी माझी तयारी होती. ती नुसती बघत होती, आजाऱ्याकडे बघावं तशी.

नऊ नगरसेवकांपैकी आठांनी विषय पुढे ढकलायला हात वर केले. ‘अधिक अभ्यासासाठी’ असं त्याला म्हणतात. टाळ्या वाजल्या. त्या टाळ्यांत सुनेत्रा उठली आणि म्हणाली, कुणी कुठल्या बाजूने मत दिलं ते नावानिशी इतिवृत्तात लिहावं, आणि अर्जदारांची यादीही सोबत जोडावी. महापौर म्हणाला, नो वरीज.

त्यानंतर तिला बागांच्या पाणीपुरवठ्याकडे बदली मिळाली. कोणती झाडं सुकली ते बघायचं. चार महिने तिने ते केलं, मग स्वतःहून राजीनामा दिला आणि क्वीन्सलँडला निघून गेली. निरोपाला आम्ही कुणीच गेलो नाही. खरं म्हणजे तिने बोलावलं नव्हतं, आणि मी त्यातच सुटका मानली.

गेल्या ऑक्टोबरात दोन दिवस पाऊस झाला. वादळ नव्हतं, बातम्यांत यावं असं काही नव्हतं, नुसता एकसारखा पाऊस. तिसऱ्या दिवशी सकाळी ऊन पडलं म्हणून मी मागे गेलो. ओढा वर आला होता आणि परतही गेला होता. गवत सगळं एका दिशेला झोपलेलं. कुंपणाच्या खांबांवर चिखलाचा पट्टा उठला होता. पहिल्या खांबावर गुडघ्याएवढा, दुसऱ्यावर त्याहून कमी, तिसऱ्यावर बोटभर. चौथा कोरडा.

ती बाई इथे साधी खुर्चीही न टाकता, ऑफिसात बसून, हा खांब सांगून गेली होती. तिची तुटक रेषा खरी ठरली, म्हणजे पूर्ण रेषाही खरी. आमची बेडरूम खाली आहे. भीती म्हणजे काय ते मला त्या उन्हात कळलं.

माणसाने अशा वेळी काय करावं? ग्रुपवर फोटो टाकावा. कौन्सिलला लिहावं, की माझी चूक झाली, विषय पुन्हा चर्चेला घ्या. सुनेत्राला फोन करावा. मी शेडमधून प्रेशर वॉशर काढला आणि तिन्ही खांब लख्ख धुऊन टाकले. मग मयूराला म्हणालो, आपण घर विकू या. तिने का म्हणून विचारलं नाही.

फेब्रुवारीत शंतनू आणि शिवांगी घर बघायला आले. दोघं मूळचे मुंबईचे, सिडनीत हॅरिस पार्कच्या भाड्याच्या फ्लॅटमध्ये सहा वर्षं काढून आता नोकरीसाठी मेलबर्नला आलेले. गोड पोरं. शंतनूने हॉलच्या मध्यभागी उभं राहून फोनवर होकायंत्र लावलं, आणि ईशान्येला ओढा पाहून त्याचा चेहरा असा फुलला की मला माझाच जुना चेहरा आठवला.

"आईला आणायचंय इकडे," तो म्हणाला. "तिचे गुडघे गेलेत, जिना चढत नाही. खालची ही रूम तिला परफेक्ट आहे."

विक्रीच्या कागदांत पुराचा एक शब्द नव्हता. तो असूच शकत नव्हता, कारण तो मीच येऊ दिला नव्हता. एजंटही मनापासून खरंच बोलत होता, त्याला काही माहीत नव्हतं. त्या घरात ते जाणणारी माणसं दोनच होती, मी आणि मयूरा.

निघताना शिवांगी दारात थांबली. "दादा, एक विचारू? ऑफिसमधली एक जण म्हणाली, इथे पाणी येईल असं कौन्सिलमधल्या कुणी सुनेत्रा पेंडसे म्हणायच्या. डिड यू नो हर?"

मयूरा सिंकपाशी कप विसळत होती. तिने नळ बंद केला.

"ओळखायचो ना," मी म्हणालो. "जरा विक्षिप्तच होती. कौन्सिलने काढून टाकलं तिला."

शिवांगीच्या चेहऱ्यावरची काळजी तिथल्या तिथे गेली. थँक यू दादा, म्हणाली, आणि मयूराला वाकून नमस्कार केला. सोमवारी त्यांनी सह्या केल्या. आम्ही आता चढावर राहतो, नैऋत्येला तोंड करून. मागच्या आठवड्यात शंतनूने फोटो पाठवला. आई आल्या आहेत, त्यांचा पलंग खालच्या खोलीत लावला आहे, आणि त्या उशाला टेकून खिडकीतून ओढ्याकडे बघत आहेत.