तेल जिचं ऐकायचं

कुवेतमधल्या आमच्या भारतीय शाळेत, वर्गात सगळ्यांच्या दप्तरात परदेशी सुपरहिरोंची कॉमिक्स असायची. नववीत असताना मी स्वतःचं काढायला घेतलं. माझी नायिका अलिबागकडची बेने इस्रायल, म्हणजे कोकणातल्या ज्यूंपैकी, सुईण होती. तिच्या घराण्यात पिढ्यान्‌पिढ्या तेलाचा घाणा, म्हणून तेल तिचं ऐकायचं. कुवेतच्या पेटलेल्या तेलविहिरींसमोर ती नऊवारी नेसून उभी राहायची, "पुरे आता" म्हणायची आणि आग विझायची. शनिवारी मात्र शब्बाथ, ज्यूंचा विश्रांतीचा दिवस, म्हणून ती कशालाच हात लावत नसे. खलनायकांना हे ठाऊक असल्यामुळे ते नेमके शनिवारी यायचे, आणि तिला सगळा बंदोबस्त शुक्रवारी दिवस मावळायच्या आत करावा लागायचा.

ती सुचली आमच्या गावच्या मावशीवरून. आम्ही रायगड किनाऱ्यावरचे मुसलमान, मावशी शेजारची ज्यू सुईण. माझा जन्म तिच्याच हातचा.

अब्बा कुवेतच्या फरवानिया भागात एका कापडदुकानात कामाला होते. शेजारच्या दुकानात मी झेरॉक्स काढायचे, स्टेपल मारायचे आणि वर्गात वाटायचे. चित्रकलेच्या बाईंना कॉमिक आवडलं, त्यांनी ते शाळेच्या प्रदर्शनासाठी निवडलं. मग सुपरवायझर बाईंनी मला बोलावलं. त्या मुंबईच्या, माझ्याशी मराठीत बोलायच्या.

नायिकेच्या गळ्यातल्या सहा टोकांच्या चांदणीवर बोट ठेवून त्या म्हणाल्या, "ही ज्यूंची खूण इथे चालायची नाही, काढून टाक. हिला पारशी कर. कोणाला कळणार आहे?"

"मला कळेल," मी म्हणाले.

"तुझे वडील इथे व्हिसावर आहेत, याचा तरी विचार कर."

त्याचा विचार मी घरी जाईपर्यंत केला. भीती वाटलीच. अब्बांना सगळं सांगितलं. ते बराच वेळ कॉमिक चाळत बसले.

"प्रदर्शनात ठेवू नकोस," ते म्हणाले. "पण बदलूही नकोस. जिने तुला पहिल्यांदा हातात घेतलं, तिला आपण लपवायचं नाही."

प्रदर्शनाच्या दिवशी मी माझ्या रिकाम्या टेबलामागे जाऊन बसले. मुलं विचारायची, कॉमिक कुठंय? मी तोंडीच गोष्ट सांगायला लागले. जरा वेळाने खुर्च्या ओढून मंडळी बसली, कोणाचे आईवडीलही थांबले. सुपरवायझर बाई आल्या.

"इथे काय चाललंय?"

"काही नाही बाई. बोलतेय."

तोंडातली गोष्ट कागदासारखी काढून घेता येत नाही. रिकामं टेबल बघून त्या निघून गेल्या.

सुट्टीत गावी गेल्यावर मावशीला अंक दाखवला. तिने चष्मा लावून पानन्‌पान पाहिलं.

"एवढी बारीक मी कधी होते गं? आणि ही चांदणी कुठली? मी मंगळसूत्र घालते."

मी ओशाळले. ज्या चांदणीसाठी भांडले, ती तिच्या गळ्यात कधी नव्हतीच. "मग काढून टाकू का?" मी विचारलं, आणि शाळेतली हकीकत सांगितली.

मावशीने ती सगळी ऐकून घेतली. अंक माझ्या हातात परत देत म्हणाली, "काढून टाक म्हणाल्या ना त्या? मग आता राहू दे. मंगळसूत्रही काढ शेजारी. आणि जरा जाड कर मला."

पुढच्या अंकात ती चांगली भरलेली, दोन्ही घालून आली. कॉलेजसाठी मी कुवेत सोडेपर्यंत ते अंक निघत राहिले. आमच्या शाळेच्या प्रदर्शनात त्यातला एकही लागला नाही.