गणोजीकाकांची बंडी

पोह्यांवर जिरावण मसाला भुरभुरत होते, तोच दाराची कडी वाजली. घंटी असताना कडी वाजवणारे आमच्या गल्लीत एकच, समोरचे गणोजीकाका. ते उंबऱ्यात उभे होते. केस ओले, हातात घडी घातलेली पांढरी बंडी.

"सूनबाई, ही जरा हुंगून सांगा. आणि सच सांगा हं, मन राखायला नको."

आमचे हे आतून ओरडले, "काका, सकाळी सकाळी कसली परीक्षा? पोहे खा आधी."

"पोहे नंतर, भिया." काका आत आले, बसले, लगेच उठले, खिडकीशी जाऊन परत आले.

काकांनी चाळीस वर्षं इथे देवासात शिवणकाम केलं. अर्ध्या गावाचे शाळेचे गणवेश त्यांच्या हातचे. काकू गेल्यापासून एकटेच राहतात. मुलगा यशराज धारला नोकरीला. कोरोनात काकांचा ताप उतरला, पण नाक गेलं ते गेलंच. दूध नासलेलं कळत नाही, भाजी करपलेली कळत नाही. एरवी हे सगळं हसत सांगायचे. आज हसत नव्हते.

मागच्या रविवारी ते धारला गेले होते. सात वर्षांची नात शिवांगी धावत येऊन मांडीवर बसली आणि नाक धरून उठली. "दादाजी, आपसे बदबू आती है." आईने तिला दटावलं, बाकीचे घाईघाईने दुसरंच बोलू लागले. तेव्हापासून काका दिवसातून तीनदा आंघोळ करत होते. उद्या चंपाषष्ठी. धारच्या घरी तळी उचलायची, आणि यंदा काकांच्या शेजारी बसून शिवांगीनेही ताम्हणाला हात लावायचा, असं ठरलेलं.

"ती जवळ आलीच नाही तर?" काका म्हणाले. "म्हातारपणाचाही वास असतो म्हणतात. तसं असेल तर मी जातच नाही. बुखार आहे म्हणून कळवतो."

मी बंडी नाकाशी नेली. ओल्या पायपुसण्यासारखा आंबूस वास. मग जरा धीर करून काकांच्या ओल्या केसांशी वाकले. नुसता साबण.

"वास आहे काका. पण तुम्हाला नाही, बंडीला."

"असं कसं? मशीनमध्ये धुतलीय!"

समोरून उघडणारी ती मशीन यशराजने पाठवून वर्ष झालं होतं. मी पोहे झाकून काकांच्या घरी गेले. मशीनवर त्यांनी स्वतः शिवलेलं जाड गलेफ, खाली घट्ट नाडी. मुलाने दिलेली वस्तू, धूळ बसू नये म्हणून कपडे काढले की लगेच दार बंद आणि वर गलेफ. मी ते काढून दार उघडलं आणि एक पाऊल मागे सरले. काका माझ्या तोंडाकडे बघत होते.

"आहे ना?"

"आहे."

दाराभोवतीचं रबर बोटाने उलगडलं. घडीत काळपट चिकटा, त्यात भंडाऱ्याची हळद आणि खोबऱ्याचे लिबलिबीत तुकडे. दर रविवारी खंडोबापुढे भंडारा-खोबरं उधळून झालं की काका ते वेचून बंडीच्या खिशात टाकतात, भेटेल त्याला द्यायला. उरलेलं खिशातच राहतं. खालची जाळी काढली तर कुजकं पाणी आणि आणखी खोबरं.

"देवाचा प्रसाद कुजवला म्हणा की मी," काका हळूच म्हणाले.

"देव नाही रागावलेला, मशीन रागावलीय. पावडर किती घालता?"

"दोन वाट्या. फेस दिसायला हवा ना!"

"दोन चमचे पुरे."

रबर पुसलं, पावडरचा खण घासला, धुण्याचा सोडा टाकून रिकामी मशीन सगळ्यात गरम पाण्यावर लावली. मी घरी आले, पण दर दहा मिनिटांनी कडी. "सूनबाई, पाणी गेलं." "सूनबाई, आता आवाज बदलला." दुपारी खिसे उलटे करून बंडी पुन्हा धुतली, गच्चीवर कडक उन्हात घातली. मशीनचं दार उघडंच ठेवायला सांगितलं. गलेफाची घडी काकांनी ट्रंकेत ठेवली.

संध्याकाळी ते बंडी घेऊन आले. मी हुंगली. कोरं कापड आणि ऊन. तसं सांगितलं तरी त्यांचे हात थांबेनात. घडी मोडत होते, घालत होते.

"तुम्हाला आधी नव्हतं कळलं?"

काका येऊन गेले की मी खिडकी उघडायची. कितीतरी महिने.

"कळलं होतं, काका. बोलले नाही. चुकलंच माझं."

त्यांनी बंडीची घडी नीट घालून काखेत धरली. दारापर्यंत गेले आणि वळले.

"सकाळी सातची बस आहे. निघण्याआधी कडी वाजवीन. पुन्हा एकदा हुंगून सांगा."