सातव्या मजल्यावरचं मत

आमच्या सोसायटीच्या निवडणुकीला पोलीस बंदोबस्त द्या, असा हुकूम हायकोर्टाने दिला तेव्हा मला हसावं की रडावं कळेना. लालबागच्या एका चाळीची झालेली ही सातमजली इमारत. मतदार म्हणजे एकमेकांकडे वाटीभर साखर मागणारी माणसं! पण आधी दोनदा मतदानाच्या दिवशी खुर्च्या तुटल्या होत्या, एकदा तर मतपेटीच पळवली. शेवटी आम्ही काहीजण कोर्टात गेलो.

भांडण लिफ्टचं होतं. ती कित्येक महिने बंद. अध्यक्षांचं लिफ्टवाल्यांशी बिनसलेलं, दुसऱ्या कोणाला बोलवायचं तर त्यांची सही हवी, आणि ते हटायला तयार नाहीत. आमचं घर सातव्या मजल्यावर, आईचे गुडघे गेलेले. तिचा मासळीबाजार बंद, खालच्या बाकावरच्या मैत्रिणी बंद. दिवसभर खिडकीतून पुलावरच्या गाड्या बघायची आणि मी ऑफिसातून आले की माझ्यावर डाफरायची. मी अध्यक्षांना मनातल्या मनात शिव्या घालायचे.

मनातल्या मनातच, कारण ते आईचे मानलेले भाऊ. राहतात दुसऱ्या मजल्यावर, मी त्यांना मामा म्हणते. बाबा गेले तेव्हा सगळं त्यांनीच निभावलं. भाऊबीजेला ते आमच्याकडे येणार आणि आई ओवाळणार, हे चाळीपासूनचं ठरलेलं. पूर्वी सोसायटीत हात वर करून निवड व्हायची. मामांच्या विरोधात हात वर करायची वेळ आली की आई दोन्ही हात पदरात गुंडाळून बसायची. अर्धी चाळ तशीच. ज्याच्या घरी जेवलो त्याच्यासमोर हात कसा वर करणार? म्हणून तर आम्हाला गुप्त मतदान हवं होतं.

मतदानाच्या सकाळी फाटकाशी पोलीस उभे राहिले. दोन्ही पॅनलच्या घरांतून त्यांच्यासाठी पोहे निघाले आणि साहेबांनी दोन्ही डबे परत पाठवले. बायका जाम फुगल्या. इकडे आईने हट्ट धरला, मला खाली न्या. मी जाऊन बंदोबस्तातल्या पोलीसबाईंना विचारलं. त्या वर आल्या, आईला खुर्चीत बसवलं, एक बाजू त्यांनी धरली, दुसरी मी. दोन मजल्यांत माझी कंबर बोलायला लागली.

तेवढ्यात खालून मामा चढून आले. त्यांनी माझ्या बाजूला हात घातला. आईने त्यांचं मनगट पकडलं.

"धर. पण मत मी तुका देवचंय नाय, आधीच सांगान ठेवतंय."

अख्ख्या जिन्याने ऐकलं. गुप्त मतदान गेलं खड्ड्यात! कोर्टाच्या पायऱ्या झिजवल्या त्या काय यासाठी? पोलीसबाई म्हणाल्या, आजी, असं सांगायचं नसतं. पण आईला न सांगता मामांच्या हातून उतरायचंच नव्हतं. तिला ती फसवणूक वाटली असती. मला राग आला, आणि खरं सांगते, तिचा अभिमानही वाटला.

मामांचा चेहरा पडला. तरी त्यांनी खुर्ची सोडली नाही. घामाघूम होत तिला थेट मतदानाच्या टेबलापर्यंत नेलं आणि बाहेर जाऊन उभे राहिले.

मामा निवडणुकीत पडले. नवीन कमिटीने दिवाळीच्या आत लिफ्ट सुरू केली.

भाऊबीजेला आई ताट सजवून बसली. दुपार टळली तरी मामांचा पत्ता नाही. मी म्हटलं, सोड ना आता, त्यांना लागलंय मनाला. तिने ऐकलं न ऐकल्यासारखं केलं, ठेवणीतलं लुगडं नेसली, ताट घेऊन लिफ्टमध्ये शिरली आणि दोनचं बटण स्वतः दाबलं. मी मागे धावले.

मामांनी बनियनवरच दार उघडलं.

"तू वर येवक नाय, म्हणान मीच खाली इलंय," आई म्हणाली. "लिफ्ट चालू आसा मा आता."

मामा आत गेले, शर्ट चढवून आले आणि स्वतःच पाट मांडून बसले.