टाळ्यांऐवजी ओटी

ऑर्केस्ट्रात माझं गाणं एकच. दिवे मालवायचे, मी काळी साडी नेसून, केस मोकळे सोडून पडद्यामागून यायचं आणि सिनेमातल्या भुतासारखं गायचं. ड्रम वाजवणारे चाचा ऊद जाळायचे. त्याआधी निवेदक लहान पोरांना आयांच्या पदराखाली लपायला सांगायचा आणि लोक खो खो हसायचे. त्या निवेदकाचा मला भयंकर राग यायचा. घरी मी माझी स्वतःची गाणी रचत होते, मरणाची, एकटेपणाची. ऑर्केस्ट्राचे मालक म्हणायचे, तुझ्या रडगाण्यांना कोल्हापुरात कुत्रं विचारणार नाही. आणीबाणी उठली त्या वर्षी मी ऑर्केस्ट्रा सोडला.

एकटीचा पहिला कार्यक्रम गडहिंग्लजला, संध्याकाळी, भर पटांगणात. साथीला फक्त एक पेटीवाला. साडी काळीच, केस मोकळेच, ऊदही नेला, कारण तो सगळा थाट मला माझा वाटत होता. निवेदक तेवढा वगळला. तिथंच चुकलं.

दुसऱ्या गाण्यात डोळे मिटून मी वरच्या पट्टीत गेले, डोलायला लागले. डोळे उघडले तर पुढच्या बायका हात जोडून उभ्या. एक म्हातारी सरळ स्टेजवर चढली, माझ्या कपाळभर कुंकू फासलं, खणानारळानं ओटी भरली आणि म्हणाली, "आई, माझ्या लेकीची कूस उजव."

पेटी थांबली. माझ्या अंगात काहीही आलेलं नाही, मी गायिका आहे, खाली बसा, असं मी माईकवरून सांगितलं. कुणी बसेना. मग माझं डोकंच फिरलं. ओरडले आणि ओटीतला नारळ आपटला. तो फुटला, आणि अख्खं पटांगण माझ्यापुढं वाकलं.

पुढं बोलावणी आली ती त्याच भागातून, त्याचसाठी. तिसऱ्या गाण्याआधी ओट्यांची रांग लागायची. त्या निवेदकाच्या पांचट विनोदांमुळंच माझं गाणं गाणं राहिलं होतं, हे कळलं तेव्हा ऑर्केस्ट्रात माझ्या जागी दुसरी आली होती.

दीडेक वर्षानं गडहिंग्लजच्या स्टँडवर ती म्हातारी भेटली, काखेत नातू. तिनं त्याला माझ्या पायांवर घातलं. मी विचारलं, त्या दिवशीचं माझं एखादं गाणं आठवतंय का?

म्हातारी गोंधळली. "आई, तू गात हुतीस व्हय?"

कोल्हापूरची गाडी लागली होती. मी त्या पोराच्या डोक्यावर हात ठेवला.