तिसऱ्या पायरीच्या फुल्या

तिला सगळे ठोकेबाई म्हणत, आणि तोंडावर म्हणत. कुठलंही लाकूड कामाला घेण्याआधी ती बोटाच्या पेरानं त्यावर दोनदा टकटक करायची, म्हणून हे नाव. ही खोड इतकी अंगवळणी पडलेली, की एकदा दवाखान्यात तिनं डॉक्टरांच्या टेबलावरच टकटक केली आणि डॉक्टर मान वर न करता "आत या" म्हणाले. ती त्यांच्या समोरच बसली होती.

नवरा सुतार. बारा वर्षं त्याच्या हाताखाली राबता राबता तिनं सगळं काम शिकून घेतलं. तो अचानक गेला तेव्हा दीर म्हणाला, "वहिनी, कारखाना विकून टाकू." "आधी मला विका," ती म्हणाली, आणि दुसऱ्या दिवशी रंधा हातात घेतला. दीर हाताचा चांगला पण धसमुसळा. ती चिकित्सक आणि तोंडाची फटकळ. दोघांचं दिवसातून दोनदा तरी वाजायचं आणि काम मात्र झकास व्हायचं.

भिंतीवर हवेच्या दाबानं खिळे मारायच्या तीन गन टांगलेल्या असत. त्यांना ती जावांसारखं धाकटी, मधली आणि थोरली म्हणायची. धाकटीत बारीक पिना; काचेच्या चौकटीची पट्टी, कपाटाच्या कडा, जिथे खिळ्याचं डोकं दिसायला नको अशी नाजूक कामं तिची. मधलीत जरा जाड खिळे, दाराभोवतीच्या पट्ट्यांसाठी. थोरलीत तीन इंची दणकट खिळे. जिथे माणसाचं वजन येणार तिथे फक्त थोरली. "पिन लाकूड धरते, माणसाला नाही," हे तिनं दिराला इतक्यांदा ऐकवलं होतं की ती तोंड उघडायच्या आत तोच वाक्य पुरं करायचा.

आणखी एक पद्धत नवऱ्यापासून चालत आलेली. आधी धाकटीनं दोन-तीन पिना मारून तुकडा जागेवर टाचून घ्यायचा आणि त्यावर पेन्सिलीनं गोल काढायचा. मग थोरलीनं पक्का ठोकायचा आणि गोलावर फुली मारायची. गोल म्हणजे काम बाकी, फुली म्हणजे झालं. दोघं एकाच कामावर आलटून पालटून असले तरी कोणाला काही विचारावं लागत नसे, आणि फुलीनं आजवर कधी दगा दिला नव्हता.

त्या दिवशी सकाळी पावणेदहाला तिनं एका चौकटीच्या कामासाठी थोरली खाली काढली. खिळ्यांचा डबा उघडला आणि तिचा हात तिथेच थांबला. आदल्या दिवशी दोघांनी शाळेच्या सभागृहात मुलींच्या समूहगायनासाठी तीन पायऱ्यांचा लाकडी मंच बसवला होता. खालच्या दोन पायऱ्यांना लागलेले खिळे डब्यातून कमी झाले होते. तिसरीसाठी वेगळी काढून ठेवलेली पुडी मात्र होती तशीच होती, फोडलेलीसुद्धा नव्हती.

तिनं दिराला फोन लावला. तो सभागृहातच होता, कारण त्याची लेक गाणार होती.

"भावजी, तिसऱ्या पायरीच्या आधारपट्ट्यांना थोरली तुम्ही मारलीत ना?"

"मी? फुल्या होत्या की सगळ्यांवर. तुम्हीच मारलीत."

फुल्या तिनंच मारल्या होत्या, पण आधीच. फळीखालच्या पट्ट्या टाचून झाल्या आणि नेमकी कॉम्प्रेसरची हवा संपली. टाकी भरेपर्यंत रिकामं काय बसायचं म्हणून तिनं सगळ्या गोलांवर फुल्या ओढून ठेवल्या. आयुष्यात पहिल्यांदाच. तेवढ्यात मुख्याध्यापिकाबाईंनी पडद्याचा दांडा दाखवायला बोलावलं. ती परत आली तर दिरानं आतले आडवे वासे बसवून मागून प्लायसुद्धा लावलेला. तिला वाटलं, थोरली त्यानं मारली असणार. त्याला वाटलं, तिनं.

"भावजी, एकाही पोरीला वर चढू देऊ नका. मी आले."

शाळा दोन गल्ल्यांवर. थोरली, खिळे आणि पटाशी स्कूटरच्या पायाशी ठेवून ती निघाली आणि सिग्नलवर तिनं स्वतःला नाही नाही ते ऐकवलं. तिसरी पायरी छातीएवढी उंच. वर उभ्या राहणार होत्या चौदा उंच मुली, आणि पुतणी त्यातलीच.

सभागृहात खुर्च्या भरत आल्या होत्या. मुली बाहेरच्या व्हरांड्यात रांगेनं उभ्या होत्या. कार्यक्रमाला पंधरा मिनिटं उरलेली. ती सरळ मंचामागे गेली, पटाशीनं प्लाय उचकटला आणि बॅटरी घेऊन आत वाकली. प्रत्येक पट्टीवर गोल, गोलावर ठसठशीत फुली, आणि फुलीखाली तीन-तीन पिना. एक पट्टी आताच नखभर सुटून आली होती.

बाहेरच्या कामाला न्यायचा छोटा कॉम्प्रेसर मागच्या खोलीत कालपासून होताच. दिरानं नळी जोडून थोरली तिच्या हातात दिली. तिनं गन आत घातली, तिरकी केली, उलटी केली. गनचं नाक पट्टीपर्यंत पोचेना. काल जागा मोकळी होती. आता मध्ये आडवे वासे. हातोडा फिरवायलाही वाव नाही. वरून स्क्रू मारायचे तर पायरीवरचा चिकटवलेला गालिचा फाडायला हवा, आणि त्याला दोन तास.

"धाकटी पोचेल," दीर हळूच म्हणाला. "गाडीत आहे माझ्या. दोनशे पिना मारू वहिनी. अर्ध्या तासाचा तर प्रश्न आहे. संध्याकाळी सगळं खोलून नीट करू. कोणाला कळणारसुद्धा नाही."

तिला मोह झाला. खोटं कशाला बोला, चांगलाच झाला. बाईमाणसाला हे काम जमेल का, असं मुख्याध्यापिकाबाईंनी तिच्या तोंडावर विचारलं होतं, आणि जमेल हे दाखवायची हीच तर वेळ होती. दोनशे पिना कदाचित टिकल्याही असत्या. तिनं विचारलं, "गातात कशा ह्या? नुसत्या उभ्या राहून?"

दीर जरा घुटमळला. "शेवटच्या गाण्यात ठेका आहे. सगळ्या एकदम पाय आपटतात."

"मग नाही."

"वहिनी..."

"नाही म्हटलं ना!"

ती उठली, गुडघे झटकले आणि गाण्याच्या बाई आणि मुख्याध्यापिकाबाई जिथे उभ्या होत्या तिथे गेली. तिचे कान तापले होते. "तिसरी पायरी बंद," ती म्हणाली. "आत पक्के खिळे राहिलेत. चूक माझी आहे, भावजींची नाही. खालच्या दोन्हींची हमी मी देते, तिसरीची देत नाही."

"अहो, चौदा मुली सहा महिने तालीम करताहेत!" गाण्याच्या बाई रडवेल्या झाल्या. "आता सांगताय?"

"आताच कळलं."

मुख्याध्यापिकाबाई एकच वाक्य बोलल्या. "शंका होतीच मला."

चौदा जणी मंचाच्या दोन्ही बाजूंना जमिनीवर उभ्या राहिल्या. मागच्या खुर्च्यांवरून त्यांच्या नुसत्या रिबिनी दिसत होत्या. ठोकेबाई दाराशी उभी राहिली. मंचाच्या माथ्यावरची ती रिकामी, गालिचा घातलेली पायरी अख्खा कार्यक्रमभर लोकांच्या डोळ्यांसमोर होती, आणि लोक कुजबुजत होते. शेवटच्या गाण्यात मुलींनी पाय आपटले तेव्हा तिनं डोळे मिटून घेतले. काहीच झालं नाही. मंच जागचा हललाही नाही, आणि त्या क्षणी तिला वाटून गेलं, आपण उगाच तर नाही ना केलं हे सगळं?

सभागृह रिकामं झाल्यावर पुतणी तिच्यासमोर येऊन उभी राहिली. डोळे सुजलेले.

"आजी शेवटच्या रांगेत बसली होती, काकू. तिला मी दिसलेच नाही. तू मुद्दाम केलंस."

"मुद्दाम कशाला करीन गं?"

"मग काय झालं असतं वर उभं राहिल्यानं?"

ठोकेबाईकडे उत्तर होतं, पण ते तोंडानं सांगून पटणारं नव्हतं. दीरही सकाळपासून धुमसत होता. लेकीचं रडणं त्याला बघवेना. "थांब, मी दाखवतो," म्हणत तो एक-दोन-तीन पायऱ्या चढून वर गेला आणि कमरेवर हात ठेवून उभा राहिला.

"भावजी, खाली उतरा."

"का? बघा की! माझं वजन दोन पोरींएवढं आहे. हललं का काही?"

काहीच हललं नव्हतं. पुतणीनं काकूकडे असं बघितलं, की त्यापेक्षा तिनं दोन शब्द सुनावले असते तर बरं.

"बाबा, ठेका धरा," ती म्हणाली आणि टाळ्या वाजवून शेवटच्या गाण्याची लय दाखवू लागली. दीर हसला आणि त्या लयीत पाय आपटू लागला. एक. दोन. तीन. चार. ठोकेबाई "बास!" म्हणून ओरडली. पाचव्याला आत कर्र असा आवाज झाला, पायरीची कड एकदम खाली बसली आणि दीर मांडीपर्यंत आत गेला. पुढच्या कडेला दोन्ही हातांनी लटकला म्हणून डोक्यावर पडला नाही.

पुतणीचे हात टाळीतच राहिले. "तिथे," ती म्हणाली, "तिथेच उभी राहणार होते मी."

"हलू नका भावजी," ठोकेबाई म्हणाली. "दुसरं टोकही सुटतंय." ती मागून आत घुसली, वाश्यांच्या मधून सरपटत पायरीखाली गेली आणि खांदा लावून तिनं फळी तोलून धरली. त्याच्या खरचटलेल्या नडगीतून रक्त तिच्या बाहीवर टपकत होतं.

"मी धरलंय. आता पाय काढा. सावकाश."

त्याला पाय काढता येईना. फळी तिच्या एकटीच्या खांद्यावर हळूहळू दबत चालली. तेवढ्यात मागे खसखस झाली. पुतणी कार्यक्रमाच्या त्याच नव्या कपड्यांत धुळीतून सरपटत आत आली आणि काकूच्या शेजारी आपलाही खांदा लावून तिनं जोर केला. फळी बोटभर वर उचलली गेली आणि त्याचा पाय सुटला.