दोन लिहू का चार

माझी सून सैन्याच्या सामानाच्या एका गोदामात कारकून आहे. आत काय असतं ते मला विचारू नका. बोरीवलीच्या घरात नऊ वर्षं आम्ही दोघी एका ओट्यावर स्वयंपाक करतोय, पण तिने मलाही अजून सांगितलेलं नाही. हे एवढंही तिला विचारूनच लिहितेय.

दर काही वर्षांनी दिल्लीत देशाच्या संरक्षणाचा सगळा आराखडा नव्याने तपासतात. धोका कुठून येईल, आपल्याकडे काय आहे, ते किती वेळात कुठे पोचेल. पेपरात येतं ना, ते मी चष्मा लावून वाचते. तर त्या तपासणीचा एक लांबलचक तक्ता हिच्या टेबलावर आला. त्यात एक प्रश्न होता, हुकूम आल्यापासून सगळा माल किती दिवसांत बाहेर पडेल? आधीच्या प्रत्येक तक्त्यात उत्तर एकच, दोन दिवस. रीतच होती तशी. मागचा कागद शेजारी ठेवायचा आणि उतरवून काढायचा.

पण हिला रोज दिसत होतं, गाड्या उभ्या आहेत नि चालवणारे रिटायर झालेत. त्यांच्या जागा भरल्याच नव्हत्या. तिच्या अंदाजाने चार दिवस लागणार. तिथले मोठे बाबू म्हणाले, तुमच्या बढतीचा कागद साहेबांकडे सहीला गेलाय, आत्ताच कशाला हा उद्योग?

संध्याकाळी ती घरी आली. मी मोदकांच्या ऑर्डरीची उकड मळत होते. तिने त्या तक्त्याचं सांगितलं आणि विचारलं, "आई, दोन लिहू का चार?"

आता मला यातलं काय कळणार? पण ऑर्डरीचं कळतं. पहिल्याच वर्षी एका बाईंना बरं वाटावं म्हणून मी दहाची वेळ दिली होती, नि मोदक पोचले साडेबाराला. नैवेद्य खोळंबला, आरती खोळंबली, त्यांनी मला दारातच धरलं. तो किस्सा तिला परत एकदा ऐकवला आणि म्हटलं, "माझी वाट गणपती बघत होता, तो चालवून घेतो. तुझ्या सामानाची वाट कोण बघणार, ते बघ."

तिने चार लिहिलं.

महिन्याभराने दिल्लीहून एक अधिकारी आले. हे चार कोणी लिहिलं, म्हणून विचारलं. मोठे बाबू खिडकीबाहेर बघायला लागले. ही उभी राहिली. "मी लिहिलं, सर. करून दाखवते."

त्यांनी खरंच माल भरायला लावला. आणि काय सांगू, चारही पुरले नाहीत, पाच दिवस लागले. मला वाटलं, वाट लागली पोरीची. पण ते म्हणाले म्हणे, अंदाज तुमचाही चुकला, पण तुम्ही निदान गाड्यांकडे बघून लिहिलंत. चाराचे पाच त्यांनी स्वतःच्या हाताने केले.

बढती काही त्या वर्षी आली नाही. साहेबांनी कागद बाजूला ठेवला, तो तसाच राहिला. दिवाळीनंतर मात्र रिकाम्या जागा भरल्या. त्या दिवशी ही पेढे घेऊन आली. स्वतःच्या लग्नातही एवढी हसली नव्हती.

शेजारीण जिन्यात म्हणाली, "एवढं करून तुझ्या सुनेला मिळालं काय गं?"

"सहा ड्रायव्हर," मी म्हटलं, आणि ताठ मानेने वर आले.