रिकामं सिंहासन

आमच्या तळमजल्यावरच्या काकूंनी व्हिडिओ गेममधला शेवटचा राक्षस कधीच मारलाय. तरी त्या रोज त्या गेममधल्या गावात फेरी मारतात. “राक्षस मेला म्हणून शेजारपाजार सोडायचा काय रे?”

या गेमला दोन शेवट आहेत. सिंहासन रिकामं ठेवलं की गाव सुखात. आपणच बसलो की गाव धास्तावतं. एकदा काकू चहा ठेवायला उठल्या आणि, कबूल करतो, गेममध्ये मी त्या सिंहासनावर बसलो. गावकऱ्यांनी भराभर दारं लावली. गेमने हाच शेवट जतन केला आणि काकूंचा जुना खेळ पुसला गेला.

“बटणावर मांजराचा पाय पडला,” मी थाप मारली.

मांजर काकूंच्या कडेवर होतं.

त्यांनी गेम पहिल्यापासून सुरू केला. आता चहाला उठताना त्या आधी मांजर माझ्या दोन्ही हातांत देतात. “धरा, महाराज.”